काश्मीर ग्रेट लेक्स: डोकं दुखत होतं आणि मी सांगितलं नाही

मांजराकाठची

'हिमालयातला पहिला ट्रेक' या धाग्यावर मी सहज लिहून गेले होते, की काश्मीर ग्रेट लेक्स करून आलेय. तेव्हापासून व्यक्तिगत निरोपांत कुणी ना कुणी विचारतंच आहे. एकेकाला वेगळं टंकत बसण्यापेक्षा इथं एकदाच लिहिते.

आधी ओळख. लातूरला शाळेत गणित शिकवते. गेले तेव्हा वय ४७, गुडघे बरे, वजन बरं नाही. आधीचा अनुभव म्हणजे कळसूबाई दोनदा आणि वारीत आळंदी ते पुणे एकदा. ऑगस्ट २०२४ मध्ये गेले. आम्ही मराठवाड्यातले पाच जण, बाकी देशभरातले, मिळून एकवीस.

वाट थोडक्यात अशी: श्रीनगरहून सोनमर्ग, जवळच शितकडीचा तळ. तिथून निचनाई. निचनाई खिंड ओलांडून विशनसर तळं, तिथं एक जादा दिवस आणि वरचं किशनसर. मग गडसर खिंड, गडसर तळं, सातसर, झाच खिंड, हरमुखच्या पायथ्याची गंगाबल आणि नुंदकोल ही जोडतळी, आणि शेवटी नारानागची उतरण. सगळं मिळून सत्तर-पंचाहत्तर किलोमीटर. सोनमर्गच २७०० मीटरवर आहे, म्हणजे आपल्या कळसूबाईचं टोक (१६४६) या ट्रेकच्या पायथ्यापेक्षा हजार मीटर खाली. सगळ्यात उंच गडसर खिंड, ४२०० च्या आसपास.

निळं पाणी, हिरवी कुरणं हे तुम्ही फोटोत पाहिलंय, त्यात माझी भर नको. मला सांगायचंय ते वेगळं आहे.

पहिल्या दिवशी शितकडीहून निचनाईला चढलो. भूर्जाच्या झाडांतून वाट जाते. झाडाच्या अंगावरची साल कागदासारखी सुटलेली, यावर कधीकाळी पोथ्या लिहीत हे माहीत होतं, हात पहिल्यांदा लागला. संध्याकाळी तंबूत डोकं ठणकायला लागलं. आमचा ट्रेक लीडर रोज संध्याकाळी प्रत्येकाच्या बोटाला ऑक्सिमीटर लावून आकडा वहीत लिहायचा आणि विचारायचा, "सर में दर्द? उल्टी जैसा? खाना खाया?" मी म्हटलं, "नहीं, सब ठीक."

गृहपाठ केलेला नसताना पोरं ज्या चेहऱ्यानं "झालाय मॅडम" म्हणतात, तो चेहरा मी बावीस वर्षं वर्गात ओळखत आलेय. त्या संध्याकाळी तोच चेहरा मी केला. भीती एकच, परत पाठवतील. अडतीस हजार खर्च झालेले, रजा मिनतवारीनं मिळालेली, आणि निघताना मुलगा "आई, झेपेल ना?" म्हणाला होता.

दुसरा दिवस १९ ऑगस्ट. श्रावणी सोमवार आणि त्यात नारळी पौर्णिमा. माझा उपवास. चहा आणि राजगिऱ्याची वडी, एवढ्यावर निघाले. खिंड चार हजारांच्या आसपास. पाणीही जपून प्यायले. का, ते बायकांना सांगायला नको. मैलभर उघडं कुरण, आडोसा म्हणून एक झुडूप नाही, पुढं-मागं वीस माणसं.

विशनसरला पोचले तेव्हा तळं समोर होतं आणि मी ते पाहिलंच नाही. खाली बसले आणि उलटी झाली. ऑक्सिमीटरवर ७४. बाकीच्यांचे ८५ च्या पुढं. लीडर माझ्या विद्यार्थ्यांच्या वयाचा काश्मिरी पोरगा. तो ओरडला नाही. वही उघडून आदल्या दिवशीच्या रकान्यावर बोट ठेवलं आणि म्हणाला, "मॅम, यहाँ तो कुछ नहीं लिखा है." इतकी शरम मला कुठल्या तपासणीतसुद्धा वाटलेली नाही.

रात्रभर त्यानं तीनदा येऊन बोट तपासलं. ओआरएस पाजलं, गोळी दिली, उपवास मोडायला लावला. सकाळी उतार पडला नाही तर घोड्यावरून निचनाईमार्गे खाली, हे स्पष्ट सांगितलं. मंगळवार विश्रांतीचा होता म्हणून मी वाचले. दुपारपर्यंत ८३ झाले, भूक लागली, पुढं जाऊ दिलं.

आता खरं बोचणारं सांगते. आमच्या पाचांत अठ्ठावीस वर्षांचा एक मुलगा होता. रोज सकाळी दहा किलोमीटर पळणारा. त्यानं पहिल्याच संध्याकाळी प्रामाणिकपणे सांगितलं होतं, डोकं दुखतंय. त्याच्यावर दोन दिवस बारीक लक्ष होतं. त्याचं काही ओसरलं नाही आणि मंगळवारी त्याला खाली पाठवलं. खरं बोललेला बिचारा परत गेला, खोटं बोललेली सात दिवस चालून आली.

विचारा आता काय ते.

परभणीचा पाहुणा

पहिला!! जगात जर्मनी, भारतात परभणी, आणि धाग्यावर आम्ही.

लेख भारी. पण फोटो कुठंयत? फोटो नाहीत म्हणजे ट्रेक झालाच नाही, असा इथला नियम आहे. वाचनखूण साठवली.

उंटावरचा शहाणा

छान लिहिलंय. पण मला या 'गायडेड' प्रकाराचं कधी कळलेलं नाही. वीस-एकवीस माणसं मेंढरांसारखी रांगेत, पुढं एक शिट्टीवाला, मागं एक शिट्टीवाला, जेवायला हाक, झोपायला हाक. शाळेच्या सहलीत आणि यात फरक काय? वाट हजारो लोकांनी तुडवलेली आहे, मोबाईलमध्ये नकाशा उतरवून घेतला की झालं. मी सह्याद्रीत पंधरा वर्षं एकटा फिरतोय. ताईंना त्या पोराची वही आवडली, पण घरून निघताना चार पैसे जास्त टाकून स्वतःचा ऑक्सिमीटर घेतला असता तर?

मांजराकाठची

@उंटावरचा शहाणा, माझ्या बॅगेत ऑक्सिमीटर होता. करोनाच्या वेळचा. पहिल्या संध्याकाळी मी तो बाहेर काढला नाही. यंत्र जवळ असणं आणि त्यातला आकडा मान्य करणं या दोन गोष्टी आहेत. मी पैसे दिले ते वाट दाखवायचे नव्हेतच. माझ्या वतीनं नको असलेला निर्णय घेणाऱ्या माणसाचे दिले, हे मला तिथं कळलं.

आणि वाट तुडवलेली आहे हे अर्धं खरं. ऑगस्टात दुपारनंतर ढग खाली येतात, झाच खिंडीत आम्हाला पुढच्या माणसाची पाठपिशवी दिसत नव्हती. दुसरं म्हणजे उत्तरेला गुरेझ आणि त्यापलीकडं नियंत्रण रेषा. गडसरला आणि सातसरला लष्कराची चौकी आहे, तिथं ओळखपत्र बघून नाव लिहून घेतात. आमच्यातल्या एकाचं आधार कार्ड फक्त मोबाईलमध्ये होतं आणि मोबाईलची बॅटरी मेलेली. लीडर तिथल्या जवानांना ओळखत होता म्हणून निभावलं. छापील प्रत न्या.

@परभणीचा पाहुणा, फोटो टाकते. तीनच बरे आलेत. एकात माझं बोट आहे.

बालाघाटी वैद्य

मी अंबाजोगाईत डॉक्टर आहे आणि स्वतः तीन वेळा चार हजार मीटरच्या वर जाऊन आलोय, म्हणून थोडं लांबण लावतो.

पहिली गोष्ट, 'वर ऑक्सिजन कमी असतो' हे बोलायला ठीक आहे, पण हवेतलं ऑक्सिजनचं प्रमाण तिथंही २१ टक्केच असतं. कमी होतो तो हवेचा दाब. ४२०० मीटरवर समुद्रसपाटीच्या साधारण साठ टक्के दाब उरतो, म्हणून प्रत्येक श्वासात येणारा ऑक्सिजन तेवढा कमी. शरीर याची सवय करून घेतं, पण त्याला रात्री लागतात. म्हणूनच तीन हजारांच्या वर गेल्यावर मुक्कामाची उंची एका दिवसात पाचशे मीटरपेक्षा जास्त वाढवू नये असं सांगतात. आता या ट्रेकचं गणित बघा. सोनमर्ग २७००, दुसऱ्या रात्री निचनाई ३५०० च्या आसपास. एका उडीत आठशे. ताईंचं आणि त्या मुलाचं डोकं त्याच रात्री दुखलं यात नवल काहीच नाही. शक्य असेल त्यानं सोनमर्गला एक जादा रात्र काढावी. त्या एका रात्रीच्या हॉटेलचे पैसे वाचवायला जाऊ नये.

दुसरी, आणि हीच लोकांना पटत नाही. दमछाक न होणं वेगळं आणि उंची न लागणं वेगळं. रोज पळणाऱ्याला उंचीचा त्रास कमी होतो असं नाही. उलट असा माणूस झपझप वर जातो आणि शरीराला वेळ देत नाही. मंद चाला. बोलता बोलता चालता आलं पाहिजे, दम लागून वाक्य तुटलं तर वेग जास्त आहे.

गोळीबद्दल. डायमॉक्स म्हणजे अॅसिटाझोलामाइड. प्रतिबंधासाठी सहसा १२५ मिलिग्रॅम दिवसातून दोनदा, चढायच्या आदल्या दिवसापासून. सल्फाची अॅलर्जी असणाऱ्यांनी डॉक्टरला आधी सांगायचं. हिनं लघवी वाढते, बोटांना मुंग्या येतात, सोडा-कोल्ड्रिंक बेचव लागतं, घाबरू नका. इथं वाचून परस्पर दुकानातून घेऊ नका, आपल्या डॉक्टरला विचारा.

नुसतं डोकं दुखणं, मळमळ, झोप न लागणं, इथवर थांबा, वर चढू नका, बहुतेकांचं उतरतं. पण बसल्या जागी धाप लागली, खोकला सुटला, किंवा माणूस सरळ रेषेत टाचेला अंगठा लावून चालू शकेना, बरळायला लागला, तर सकाळची वाट बघायची नाही. रात्र असो, पाऊस असो, खाली. फुफ्फुसात किंवा मेंदूत पाणी साठत असतं आणि त्यावर खाली उतरण्याइतकं मोठं औषध नाही.

उपवासाविषयी: उपवासानं उंची लागते असं मी म्हणणार नाही. पण पाणी न पिण्यानंही डोकं दुखतं, मळमळतं, आणि मग कशानं होतंय ते ओळखता येत नाही. ताईंनी दोन्ही एकत्र करून त्या पोराचं काम अवघड केलं.

मांजराकाठची

डॉक्टरसाहेब, कान पकडले.

कोरडवाहू

वाचून लई बरं वाटलं अन् वाईटबी वाटलं. मी औसा तालुक्यात शेती करतो. जुलै ते सप्टेंबरचा मध्य हा तिकडला हंगाम म्हणतेत. त्याच वक्ताला आमचं सोयाबीन फुलात असतंय, कोळपणी झाली की फवारणी, फवारणी झाली की पावसाची वाट बघायची. पोळ्याच्या आत घर सोडायला जमत नाही. म्हणजे नोकरदारांनीच तळी बघायची का काय?

दुसरं विचारायचंय. ती तळी कशाची? पाऊस पडला नाही तर आटतात का? आमच्याकडं २०१६ ला मिरजेहून रेल्वेनं पाणी आलं ते डोळ्यानं बघितलेलं माणूस आहे मी. एवढं पाणी असंच पडून आहे म्हणल्यावर पहिला इचार तोच येतो.

मांजराकाठची

@कोरडवाहू, लातूरकर असून मला तिथं हा प्रश्न पडला नाही असं कसं म्हणू? आमच्या घरी तेव्हा टँकरचं वेळापत्रक देवघराशेजारी चिकटवलेलं असायचं.

तळी बर्फाची. हिमनद्यांनी खोदलेल्या खळग्यांत वितळलेलं पाणी साठतं. जुलैत गेलात तर गडसरमध्ये बर्फाचे तुकडे तरंगताना दिसतात, आम्हाला ऑगस्टच्या शेवटी काठावर मळका बर्फ दिसला तेवढाच. सातसर म्हणजे सात तळी, पण उन्हाळा सरत आला की त्यातली काही आटतात. 'सर' म्हणजे आपलं सरोवरच. आणि पाणी पडून मुळीच नाही. विशनसर-किशनसरमधून किशनगंगा निघते, गुरेझमधून पलीकडं जाते, तिकडं तिला नीलम म्हणतात, आणि मुझफ्फराबादला झेलमला मिळते. सिंधू पाणी कराराच्या (१९६०) भांडणात जिचं नाव सारखं येतं ती हीच. आपण जायकवाडीच्या पाण्यावरून नगर-नाशिकशी भांडतो, तसंच. फक्त मधे कुंपण आहे.

हंगामाचं उत्तर माझ्याकडं नाही.

गोदातीर

@कोरडवाहू, हाय की उत्तर. गुढीपाडव्यानंतर शेत मोकळं असतंय ना? मे महिना ते मृग, तेवढ्यात हिमाचलात सर पास होतो. कसोलकडून. तोबी ४२०० च्या आसपास, त्याच्या नावातलं सरबी तळंच, पण गोठलेलं. बर्फातून चालायचं, घसरगुंडीबी होती. पेरणीच्या आत घरी.

आता माझं. मी नांदेडचा, हेमकुंड साहिबला दोनदा गेलेलो. तेबी चार हजारांच्या वर, तळ्याच्या काठाला गुरुद्वारा. पहिल्या खेपेला मीबी डोकं दुखतंय ते सांगितलं नाही, पण तिथं वही घेऊन विचारणारं कोणी नव्हतं. लंगरातली गरम खिचडी खाऊन खाली पळालो तवा कुठं बरं वाटलं.

जायचं कसं ते सांगतो, कारण सगळे विमानाचंच विचारूलाले. आपल्याला सचखंड एक्सप्रेस आहे, नांदेड ते अमृतसर, परभणी, जालना, संभाजीनगर सगळ्यांना सोयीची. वाटंत लंगर मिळतो, डबा नाही नेला तरी चालतंय. पंजाबात उतरून जम्मूकडं. अन् जून २०२५ पासून कटऱ्याहून श्रीनगरपर्यंत रेल्वे चालू झाली, ३५९ मीटर उंच चिनाब पुलावरून. लाखाचं दृश्य आहे म्हणतात. मी जाणार तर त्यानंच.

अजून एक: आपल्याकडलं प्रीपेड सिम तिकडं चालत नाही. पोस्टपेडच लागतंय. अन् सोनमर्ग सोडलं की तेबी बंद. घरी आधीच सांगून ठेवा, नाहीतर पाचव्या दिवशी घरचे पोलीस चौकीत.

जालन्याची सून

वाचतेय केव्हाची, लॉगिन आत्ता केलं. माझे तीन प्रश्न, आणि ते बायकांचेच आहेत, तेव्हा पुरुषांनी हवं तर पुढच्या प्रतिसादावर जावं.

एक, आडोशाचं तुम्ही लिहिलंत त्याचं पुढं काय केलंत? दोन, पाळी आली तर? तीन, माझाही श्रावण असतो आणि सासूबाई सोबत आहेत (ट्रेकला नाही, घरात). उपवास मोडला हे घरी सांगितलंत का?

आणि बूट कोणते ते सांगा, त्याशिवाय धागा पूर्ण होत नाही.

मांजराकाठची

@जालन्याची सून, उशिरा उत्तर देतेय, परीक्षेचे पेपर आले होते.

एक. मंगळवारी विश्रांतीच्या दिवशी आम्ही सहा बायकांनी बैठक घेतली. दोघींकडं मोठा पोंचो, म्हणजे अंगावरून घ्यायचा सैल रेनकोट, होता. पुढं चालताना दर दीड तासानं सगळ्यांनी एकदम थांबायचं, चौघींनी पाठमोरं उभं राहून पोंचो धरायचा. लाज पहिल्या वेळी वाटली, मग नाही. पुण्याची एक मुलगी तर "मंडप बांधा गं" अशी हाक द्यायची. मुक्कामाच्या जागी स्वच्छतागृहाचा तंबू असतो, खड्डा आणि माती, ठीक असतो. दिवसाला चार लिटर पाणी मग कुठं पोटात जायला लागलं. हे पहिल्याच दिवशी केलं असतं तर विशनसर मला दिसलं असतं.

दोन. एकीची आली. चालली ती. वापरलेलं सगळं दुहेरी पिशवीत बांधून खाली आणायचं, तिथं पुरायचं नाही. थंडीत कचरा कुजत नाही.

तीन. सांगितलं. आमच्या सासूबाईंनी शांतपणे विचारलं, "काय खाल्लंस?" म्हटलं, राजमा-भात. त्या म्हणाल्या, "राजमा पचतो का गं तुला?" संपलं.

नारळाची गोष्ट राहिली. त्यांनीच मला नारळी पौर्णिमेसाठी नारळ दिला होता, पाण्यात सोडायला. मी तो घोड्यावरच्या सामानात न टाकता पाठीवर वाहिला, कारण देवाचा नारळ घोड्यावर कसा टाकायचा? बरं वाटलं तेव्हा, म्हणजे मंगळवारी संध्याकाळी, तळ्याकाठी गेले, तर लीडर म्हणाला, पाण्यात काही टाकायचं नाही, मासे आहेत, आम्ही इथलंच पाणी पितो. मग नुसता पाण्याला लावला आणि दगडावर फोडला. खोबरं आचाऱ्यानं मागून घेतलं आणि दुसऱ्या दिवशीच्या भाजीत घातलं. घोडेवाल्या बकरवाल काकांनी करवंटी जपून ठेवली, मीठ ठेवायला होईल म्हणाले.

बूट: घोट्याच्या वर येणारे, एक नंबर मोठे, आणि निदान महिनाभर वापरलेले. नवे नकोत आणि फार जुनेही नकोत. आमच्यातल्या एकानं आठ वर्षं कपाटात ठेवलेले बूट आणले होते, दिसायला कोरे, सातसरच्या मोठमोठ्या धोंड्यांवर दोन्ही तळवे सुटले. सुतळीनं बांधून नारानागपर्यंत आला. शेवटच्या दिवशी तेरा-चौदाशे मीटर उतरायचं असतं, निघायच्या आधी पायाची नखं कापा. माझी दोन काळी पडली.

टॉर्च डोक्याला लावायचा घ्या आणि तो सांभाळा. माझा विशनसरला तंबूत कुठं तरी गेला, पुढच्या चार रात्री मी मोबाईलच्या उजेडात मंडप गाठलाय.

सराव: लातूरला चढायला आहे काय? खरोशाची टेकडी, तीही लांब. मी रोज संध्याकाळी आमच्या इमारतीचे चार मजले पाठीवर आठ किलो घेऊन वीस वेळा. पहिल्या आठवड्यात शेजारचे विचारायचे लिफ्ट बंद आहे का. दुसऱ्या आठवड्यात विचारायचे बंद झाले. तिसऱ्या आठवड्यात वॉचमन सोबत चढायला लागला.

वेरूळकर

सरावासाठी आमच्याकडं या. आठवड्यातून दोनदा देवगिरी, सकाळी लवकर, अंधारीतून बारादरीपर्यंत न थांबता. रविवारी म्हैसमाळ. ऑगस्टात जायचं तर मे महिन्यात सुरुवात, आणि मेमध्ये देवगिरीचा दगड दहाच्या पुढं पोळतो.

अवांतर आहे, पण राहवत नाही. नारानागला उतरल्यावर बहुतेक लोक गाडीत बसून झोपतात. तिथल्या देवळांचे अवशेष बघितल्याशिवाय निघू नका. शिवाची देवळं आहेत, ललितादित्य मुक्तापीडाच्या काळातली मानतात, म्हणजे आठवं शतक. आणि आमचं कैलास लेणं राष्ट्रकूट कृष्ण पहिला याच्या वेळचं, तेही आठवं शतक. तिकडं हरमुखच्या पायथ्याशी दगडावर दगड रचून शिवाचं घर बांधलं जात होतं आणि त्याच शंभर वर्षांत इकडं डोंगर वरून खाली कोरत शिवाचा डोंगरच उभा केला जात होता. मी तिथं तास काढला, गाडीवाला हॉर्न वाजवून दमला. गंगाबलला काश्मिरी पंडित अस्थी विसर्जनाला जात आले आहेत, त्यांची ती हरमुख-गंगा. म्हणून त्या काठावर जरा हळू बोला, गाणी लावू नका.

उंटावरचा शहाणा

गाण्यांवरून आठवलं. मी २०२२ ला गेलो होतो. हो, ग्रुपबरोबरच. एकट्याला जाऊ देईनात. मघाशी सांगितलं नाही. चेहरा ताईंचाच.

तिथं मला सगळ्यात खटकलं ते गंगाबलचं. सुट्टीच्या दिवशी नारानागकडून एका रात्रीसाठी वर येणारे लोक, बाटल्या, चुली पेटवलेल्या. पण आमचा पंचवीस जणांचा जथाही त्याच गवतावर तंबू ठोकत होता, त्यामागं वीस घोडी. सात दिवसांत पायवाटेच्या तीन पायवाटा झालेल्या दिसतात, कारण मधली चिखल झाली की लोक कडेनं चालतात. गुज्जर-बकरवालांची कुरणं आहेत ती, पिढ्यान्‌पिढ्या मेंढरं घेऊन येतात. त्यांच्या मेंढरांनी जेवढं खराब झालं नसेल तेवढं आपल्या बुटांनी होतंय. मेंढरं मी उगाच म्हटलो नव्हतो.

चिखलातून चाला. बूट धुता येतात.

परभणीचा पाहुणा

शहाण्यांनी उंटावरून उतरून घोड्यामागून चालल्याची कबुली दिल्याबद्दल टाळ्या.

मी फोटो मागणं सोडलेलं नाही.

कोरडवाहू

गोदातीर भाऊ, सर पासचं बघितलं. मे चालतंय. दोघं-तिघं तयार झालेत गावातले, एक तर ऊसतोडीहून एप्रिलात परत येतो, त्याचे पाय बघितले तर तुम्ही सगळे मागं पडताल. पण डॉक्टर म्हणतेत तसं पायाचा अन् उंचीचा संबंध नाही, ते त्याला समजावून सांगायलोय. ऐकत नाही. म्हणतो मी पंधरा मोळ्या उचलतो.

पैशाचं विचारतो. ट्रेकची फी वीस हजाराच्या आत-बाहेर म्हणजे आमचं एका एकराचं बी-खत-फवारणी. घरात कसं सांगायचं ते लिहा कोणीतरी.

बालाघाटी वैद्य

@कोरडवाहू, त्या उसतोडवाल्या मित्राला एकच सांगा: पहिले तीन दिवस सगळ्यात शेवटी चालायचं. पैज लावा हवी तर. शेवटी पोचेल त्याला जेवण.

मागं फिरलेला

नमस्कार. तीन दिवस वाचतोय, आज खातं उघडलं. मूळ लेखातला 'बिचारा' मी.

काकू, एक दुरुस्ती. मी पहिल्या संध्याकाळी आपणहून सांगितलं नव्हतं. मीही 'सब ठीक'च म्हटलं होतं. पण ऑक्सिमीटर लावताना लीडरनं माझ्या ताटाकडं बघितलं, भात तसाच होता. त्यानं पुन्हा विचारलं, तेव्हा बोललो. तुम्ही त्या दिवशी ताट स्वच्छ केलं होतंत, मला आठवतं. तेवढाच आपल्या दोघांत फरक.

मंगळवारी घोडेवाल्या चाचांबरोबर निचनाई खिंड परत चढलो. चढताना जीव गेला, पलीकडं उतरायला लागलो आणि दोन तासांत डोकं असं रिकामं झालं की मला रडू आलं. आता बरं वाटतंय तर परत वर जाऊ या, असं मी चाचांना खरंच म्हटलं. त्यांनी घोड्याच्या पाठीवर थाप मारली आणि म्हणाले, हा घोडा पण असंच करतो, उतार लागला की पळतो. शितकडीला पोचून मी चार रोट्या खाल्ल्या. सोनमर्गला दोन रात्री काढल्या, दिवसभर सिंध नदीच्या काठी बसून होतो. वाईट गेले असं म्हणवत नाही.

घरी आल्यावर मात्र वाईट गेलं. मॅरेथॉनवाल्या ग्रुपनं सहा महिने चिडवलं. काकू फोटोत, मी नाही. २०२५ ला परत जायचं ठरवलं होतं, एप्रिलात पहलगामचा हल्ला झाला, कितीतरी ठिकाणं बंद केली, बेत मोडला. यंदा पुन्हा बघतोय. ज्यांना जायचंय त्यांनी पैसे भरायच्या आधी परवानगी सुरू आहे का आणि रद्द झालं तर पैसे परत कसे, हे लेखी विचारून घ्या. मी या वेळी सोनमर्गला दोन रात्री आधी काढणार आहे, डॉक्टरांनी लिहिलंय तसंच. आणि हळू चालणार. गेल्या वेळी निचनाईला सगळ्यात पहिला मी पोचलो होतो, चाळीस मिनिटं आधी.

आणि काकू, तुमचा डोक्याचा टॉर्च माझ्याकडं आहे. त्या रात्री उलटीला बाहेर पडताना तुमच्या तंबूच्या दारातून उचलला होता, तसाच खिशात राहिला. पुढच्या महिन्यात लातूरला येतोय, आणून देतो. सेल नवे टाकलेत.

मांजराकाठची

अरे! आणि मी त्या आचाऱ्यावर संशय घेतला होता.

ये. वरण-फळं करते. ताट स्वच्छ झालं पाहिजे.